निवड समितीतली सही

नोव्हेंबर १९१८ मध्ये बाबासाहेब आंबेडकर मुंबईच्या सिडनहॅम कॉलेजात अर्थशास्त्राचे प्राध्यापक झाले. प्राध्यापकांच्या माठातलं पाणी त्यांनी पिऊ नये, असा आक्षेप तिथल्या काही सहकाऱ्यांनी घेतला. त्या माठाबद्दल आज आपण संतापानं बोलतो. निवड समितीच्या बंद खोलीबद्दल मात्र गप्प असतो.

राखीव जागेची जाहिरात निघते, मुलाखती होतात आणि निकालात शेरा येतो: ‘नॉट फाउंड सूटेबल’. जागा रिकामी राहते. यूजीसीच्या २०१८ च्या नियमांनुसार विद्यापीठातल्या सहायक प्राध्यापकाची पदवी, पीएचडी, शोधनिबंध हे सारं मुलाखतीला बोलावण्यापुरतंच मोजलं जातं. अंतिम निवड केवळ मुलाखतीवर होते. म्हणजे पात्रतेच्या साऱ्या चाळण्यांतून आलेल्या दलित, आदिवासी उमेदवारांना काही मिनिटांत अयोग्य ठरवता येतं. कशात कमी पडलो, हे त्यांना कुणी सांगत नाही. वर्षानुवर्षं तासिका तत्त्वावर तोच विषय शिकवणाऱ्यानं हा शेरा वाचून काय समजायचं? शिकवताना चालतो, नेमताना चालत नाही?

कायद्यानं जमेल तेवढं केलं आहे. २०१७ च्या अलाहाबाद उच्च न्यायालयाच्या निकालानंतर राखीव पदांचा क्रम ठरवणारी बिंदुनामावली विभागवार झाली. तिच्यात आदिवासींची पाळी चौदाव्या पदाला. लहान विभागांत ती येणारच नव्हती. केंद्रीय संस्थांपुरता २०१९ च्या कायद्यानं संपूर्ण संस्था हाच घटक धरला. पण कायदा जागा मोजतो, उमेदवाराकडे कोणत्या नजरेनं पाहायचं ते ठरवू शकत नाही.

नेमणूक झाली तरी ही नजर सुटत नाही. आंबेडकर जयंतीच्या भाषणाला या दलित, आदिवासी प्राध्यापकांचंच नाव, आरक्षण कक्षाचं काम त्यांच्याकडे. संशोधन समिती ठरवताना ते आठवत नाहीत. वसतिगृहातली पोरं अडचणी घेऊन त्यांच्याच दारात येतात, आणि ते काम कुठल्याही मूल्यमापनात धरलं जात नाही.

निवड समितीत या वर्गांचा एखादा प्रतिनिधी असतो. विरोध करायचा तो त्यानंच, असं बाकीचे गृहीत धरतात. मला हे अन्यायाचं वाटतं. विषयतज्ज्ञ म्हणून बसलेल्या प्रत्येकानं सही करण्याआधी प्रत्येक उमेदवाराला नाकारण्याचं कारण इतिवृत्तात लिहायला लावावं. ते पटलं नाही, तर आपली असहमती स्वतःच्या नावानिशी नोंदवावी.