बाद फेरी माणसाचे मोल ठरवते का?

आदित्य सरवटे या नागपूरच्या डावखुऱ्या अष्टपैलू खेळाडूने रणजी करंडकाच्या दोन अंतिम सामन्यांत प्रत्येकी 79 धावांची खेळी केली आहे. पहिली 2017-18 च्या मोसमात, इंदूरला, विदर्भाकडून दिल्लीविरुद्ध. दुसरी 2024-25 च्या मोसमात, नागपूरजवळच्या जामठ्याच्या मैदानावर, केरळकडून विदर्भाविरुद्ध. इंदूरला अक्षय वाडकरच्या शतकाला सरवटेची साथ लाभली, विदर्भाने 547 धावा उभारल्या आणि 1 जानेवारी 2018 रोजी सामना नऊ गडी राखून जिंकला. 1957-58 पासून रणजी खेळणाऱ्या संघाचे ते पहिले विजेतेपद. जामठ्याला केरळचे दोन गडी लवकर पडले असताना सरवटेने डाव सावरला. पण केरळचा डाव 342 वर संपला, विदर्भाच्या 379 धावांपुढे 37 धावा कमी पडल्या आणि अनिर्णित सामन्यात पहिल्या डावातील आघाडीच्या जोरावर करंडक विदर्भाने नेला. माणूस तोच, धावा तेवढ्याच, दुसऱ्या वेळची परिस्थिती कदाचित अधिक बिकट. तरी एका खेळीची नोंद विजेत्याच्या खात्यात झाली आणि दुसरीची पराभूताच्या. क्रिकेटच्या चर्चेत आपण सहज म्हणतो, की खेळाडूची खरी ओळख बाद फेरीत पटते. साखळीतल्या धावा कोणीही काढतो, मोठ्या सामन्यात जो उभा राहतो तोच मोठा. हे विधान खेळापुरते वाटले तरी त्याच्या तळाशी एक जुना तत्त्वप्रश्न आहे. निर्णायक घटकेचे फळ माणसाचे मोल सांगते का? माझे उत्तर स्पष्ट नकाराचे आहे. ते का, हे नीट मांडायला हवे, कारण हा समज मैदानाबाहेर फार मोठी हानी करतो.

आधी पुरावा पाहू. 2018-19 च्या मोसमात चेतेश्वर पुजारा ऑस्ट्रेलियातल्या कसोटी मालिकेत 521 धावा करून मालिकेचा मानकरी ठरला होता. परतल्यावर रणजीच्या उपांत्य सामन्यात त्याने कर्नाटकाविरुद्ध बंगळुरूला नाबाद 131 धावा करून सौराष्ट्राला अंतिम फेरीत नेले. त्यानंतर थोड्याच दिवसांत, फेब्रुवारी 2019 मध्ये, नागपूरच्या अंतिम सामन्यात तो 1 आणि 0 धावांवर बाद झाला, दोन्ही वेळा सरवटेच्या गोलंदाजीवर. सरवटेने त्या सामन्यात 11 बळी घेतले आणि विदर्भाने सलग दुसऱ्यांदा करंडक जिंकला. आता पुजाऱ्याची खरी ओळख कोणती मानायची? बाद फेरीच खरी ओळख दाखवते म्हणावे, तर उपांत्य सामनाही बाद फेरीचाच होता. करुण नायरचे उदाहरण याहून बोलके आहे. 2017-18 च्या उपांत्य सामन्यात कोलकात्याला त्याने कर्नाटकाकडून विदर्भाविरुद्ध 153 धावा केल्या. विदर्भाच्या रजनीश गुरबानीने सामन्यात 12 बळी घेतले आणि कर्नाटक अवघ्या पाच धावांनी हरले. पुढे तोच नायर विदर्भाकडून खेळू लागला. 2024-25 च्या विजय हजारे करंडकात त्याने आठ डावांत पाच शतके ठोकून 779 धावा केल्या आणि तो फक्त दोनदा बाद झाला. दुसऱ्यांदा बाद झाला तो अंतिम सामन्यात. त्यात तो 27 धावांवर बाद झाला आणि विदर्भ हरले. अवघ्या दीड महिन्यात रणजीच्या अंतिम सामन्यात त्यानेच 86 आणि 135 धावा केल्या. जानेवारीत त्याला मोठ्या सामन्यात कोसळणारा म्हणणाऱ्याला मार्चमध्ये नेमके उलटे म्हणावे लागले असते. ज्या कसोटीचा निकाल दर महिन्याला उलटतो, ती कसोटी माणसाच्या स्वभावाबद्दल काही सांगत नाही.

अंतिम सामन्यापर्यंत पोहोचण्यातही किती हात गुंतलेले असतात, हे त्याच मोसमात केरळने दाखवले. उपांत्यपूर्व सामन्यात जम्मू-काश्मीरच्या 280 धावांना केरळने 281 धावांचे उत्तर दिले आणि एका धावेच्या आघाडीवर ते पुढे गेले. उपांत्य सामन्यात अहमदाबादला केरळच्या 457 धावांचा पाठलाग करताना गुजरात 455 वर होते आणि त्यांचा शेवटचा गडी शिल्लक होता. गोलंदाज सरवटे होता. गुजरातच्या नागवासवालाने जोरात फटका मारला, चेंडू शॉर्ट लेगवरच्या सलमान निझारच्या हेल्मेटवर आदळून उडाला आणि स्लिपमध्ये सचिन बेबीच्या हातात जाऊन बसला. केरळ इतिहासात पहिल्यांदा अंतिम फेरीत गेले. तो चेंडू हेल्मेटला न लागता सीमापार गेला असता, तर सरवटेची जामठ्याची 79 धावांची खेळी झालीच नसती आणि त्याच्या बाद फेरीच्या इतिहासात त्या वर्षापुढे एक अपयश लिहिले गेले असते. गीतेच्या अठराव्या अध्यायात कोणत्याही कर्माच्या सिद्धीची पाच कारणे सांगितली आहेत. अधिष्ठान, कर्ता, साधने, नाना प्रकारच्या हालचाली आणि पाचवे दैव. आपल्या वाट्याचा कर्ता हा त्या पाचांतला एक. कर्ता केवळ आपणच आहोत असे मानणाऱ्याची समज अपुरी आहे, असेही तिथे बजावले आहे. अहमदाबादच्या त्या एका चेंडूत ही पाचही कारणे मोजून दाखवता येतील. खेळपट्टी आणि मैदान, गोलंदाज, हात आणि चेंडू, फलंदाजाचा फटका आणि क्षेत्ररक्षकांच्या हालचाली, आणि हेल्मेटचा नेमका तो कोन. फळाची इतकी कारणे असताना ते सबंध एका कर्त्याच्या माथी मारणे हा तर्कदोष आहे.

यावर पहिला आक्षेप असा येईल, की दडपण ही काही काल्पनिक गोष्ट नाही. काही माणसे दडपणात स्थिर राहतात, काही डळमळतात, आणि हा फरक कौशल्याचाच भाग आहे. हे खरे आहे आणि मी ते नाकारत नाही. पण हा फरक ओळखायचा तर तो निकालात शोधून सापडत नाही. देशांतर्गत क्रिकेटमधल्या खेळाडूच्या वाट्याला सबंध कारकिर्दीत मोजकेच अंतिम सामने येतात. एवढ्या थोड्या डावांतून मनाचे स्थैर्य काढायला निघालो, तर आपण योगायोगालाच स्वभाव ठरवू. स्थैर्य दिसते ते कृतीच्या आत. ठरवलेल्या टप्प्यावर गोलंदाज टिकून राहिला का, अंगावर आलेल्या षटकांत फलंदाजाने घाईचा फटका टाळला का, झेल सुटल्यावर पुढच्या चेंडूसाठी तो तयार होता का. लोकमान्य टिळकांनी मंडालेच्या तुरुंगात लिहिलेल्या आणि 1915 साली प्रसिद्ध झालेल्या ‘गीतारहस्या’त नीतीची कसोटी बाह्य परिणामात शोधणाऱ्या पाश्चात्त्य मतांची सविस्तर छाननी केली आणि कर्त्याच्या बुद्धीला त्याहून वरचे स्थान दिले. टिळकांचा विषय नीती होता, पण त्यांचा युक्तिवाद इथेही लागू पडतो. कर्त्याचे मोल ठरवायचे तर त्याने काय जाणून, कशासाठी आणि किती तयारीने केले हे पाहावे लागते. ही पाहणी कष्टाची असते. धावफलक वाचणे सोपे असते, म्हणूनच आपण त्यालाच न्यायनिवाडा समजतो.

दुसरा आक्षेप अधिक खोल आहे. फळ मोल सांगत नसेल, तर करंडकाला काय अर्थ उरतो? जिंकण्यासाठी झटायचे तरी कशाला? इथे कर्मयोगाचा एक नेहमीचा गैरसमज आड येतो. फळावर आसक्ती नको म्हणजे फळाची पर्वा नको, असे अनेकांना वाटते. टिळकांनी याच समजुतीशी झगडा केला. त्यांचा कर्मयोगी निष्क्रिय किंवा बेफिकीर नाही. तो योग्य साध्य निवडतो, त्यासाठी सर्व बळ लावतो, आणि फळ आले किंवा न आले तरी बुद्धी ढळू देत नाही. विनोबांनी 1932 साली धुळ्याच्या तुरुंगात गीतेवर प्रवचने दिली आणि साने गुरुजींनी ती लिहून घेतली. त्यांत बाहेरच्या कर्माला आतून चित्ताची जोड देण्यावर विनोबांचा विशेष भर आहे. करंडक खराच आहे. सामना कोणी जिंकला, या प्रश्नाचे ते निर्विवाद उत्तर आहे. त्यासाठी झटणे हेच खेळाचे रूप आहे आणि त्यात काही गैर नाही. चूक होते ती पुढच्या पायरीवर, जेव्हा त्याच उत्तरावर आपण दुसरा प्रश्न लादतो, की कोण मोठा माणूस आणि कोण छोटा. सामन्याला निकाल लागतो, म्हणून माणसालाही निकाल लागलाच पाहिजे असे नाही.

तिसरा आक्षेप श्रद्धेतून येतो. एका सामन्यात दैव आड आले असेल, पण शेवटी कर्माचे फळ मिळतेच, आज ना उद्या हिशेब पुरा होतो, असे पुष्कळांना मनापासून वाटते. त्यांना चंद्रकांत पंडितांचे उदाहरण आठवेल. 1998-99 च्या मोसमात त्यांच्या नेतृत्वाखाली मध्य प्रदेश संघ बंगळुरूच्या चिन्नास्वामी स्टेडियमवर कर्नाटकाकडून अंतिम सामना हरला. पुढे प्रशिक्षक म्हणून त्यांनी विदर्भाला लागोपाठ दोन करंडक जिंकून दिले आणि जून 2022 मध्ये, त्याच मैदानावर, मध्य प्रदेशला पहिले रणजी विजेतेपद मिळवून दिले. ही कहाणी ऐकताना मन भरून येते आणि त्यांच्या श्रमांचा आदर वाटतो. तरी तिच्यातून विश्वाचा नियम काढता येत नाही. त्या हरलेल्या संघात पंडितांखेरीज दहा जण होते. खेळाडू म्हणून गमावलेले ते विजेतेपद त्या दहांना असे परत मिळाले का? आपण फक्त परतफेड झालेल्यांच्या कहाण्या सांगतो आणि ज्यांची झाली नाही त्यांना विसरतो. मग स्मरणातून उरलेल्या थोड्यांवरून न्यायाचा नियम रचतो. ज्या श्रद्धेला टिकण्यासाठी इतक्या माणसांना विसरावे लागते, ती सांत्वन देईल, सत्य देणार नाही.

हा वाद करंडकापुरता असता तर इतके लिहिण्याची गरज नव्हती. फळावरून माणसाची योग्यता उलटी वाचण्याच्या सवयीने आपल्या समाजाचे केलेले नुकसान इथल्या मातीला ठाऊक आहे. 14 ऑक्टोबर 1956 रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी नागपुरात बौद्ध धम्माची दीक्षा घेतली. त्यांच्या ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ या ग्रंथात, गरिबी आणि हीन स्थिती ही मागच्या जन्माच्या कर्माची फळे आहेत या मताला ठाम नकार आहे. अशा शिकवणीने समाजाची जबाबदारीच नाहीशी होते, हे त्यांनी दाखवले. बौद्ध विचारात कर्माचे मर्म चेतनेत, म्हणजे हेतूत आहे. नंतर हाती काय लागले यात ते नाही. जो हरला त्याच्यात काही कमी असणारच, हे वाक्य मैदानावर उच्चारले की निरुपद्रवी वाटते. पण जातीच्या, दारिद्र्याच्या आणि आजाराच्या संदर्भात हेच वाक्य पिढ्यान्पिढ्या माणसांच्या तोंडावर फेकले गेले आहे. यवतमाळच्या कोरडवाहू शेतकऱ्याने वेळेवर पेरणी केली, निंदण केले, फवारणी केली आणि बोंडे फुटण्याच्या वेळी पावसाने झोडपले, तर त्या वर्षीचा कापूस त्याच्या शहाणपणाचे माप होत नाही. हे आपल्याला कळते. मग तीच समज खेळाडूबाबत आणि स्वतःबाबत वापरायला हवी.

शेवटचा आक्षेप नैतिक आहे. या विचाराने हरणाऱ्याला सबब मिळणार नाही का? माझ्या मते उलट घडते. फळ हीच कसोटी मानली तर जिंकणारा तपासणीतून सुटतो. त्याच्या चुका करंडकाखाली झाकल्या जातात. तयारी आणि कृती ही कसोटी मानली तर जेता आणि पराभूत दोघांनाही सारखेच उत्तर द्यावे लागते. विदर्भाचेच पाहा. लागोपाठ दोन करंडक जिंकल्यानंतर 2019-20, 2021-22 आणि 2022-23 या तिन्ही मोसमांत हा संघ बाद फेरीपर्यंतही पोहोचला नाही. मधल्या 2020-21 मध्ये स्पर्धाच झाली नव्हती. दोन करंडकांनी संघाचे मोल कायमचे सिद्ध झाले म्हणणाऱ्यांकडे या अनुपस्थितीचे उत्तर नव्हते, आणि अनुपस्थितीने ते पुसले गेले म्हणणाऱ्यांकडे 2023-24 च्या अंतिम फेरीचे आणि त्यानंतरच्या तिसऱ्या करंडकाचे नव्हते. काम करणाऱ्यांनी मात्र दोन्ही काळांत एकच प्रश्न विचारायचा असतो, की पुढच्या चेंडूसाठी आपण तयार आहोत का. सरवटे केरळकडे गेल्यावर विदर्भाच्या हर्ष दुबेने 2024-25 मध्ये 69 बळी घेऊन रणजीच्या एका मोसमातला विक्रम केला. तो घडला मोसमभराच्या षटकांतून. एकट्या अंतिम सामन्यात कोणालाही तेवढे बळी मिळू शकत नाहीत.

म्हणून बाद फेरीत न दिसलेल्या खेळाडूबद्दल बोलताना आपल्यावर एक कर्तव्य येते. तो का दिसला नाही, याची कारणे शोधावीत. त्याच्या वाट्याची चूक असेल तर ती नावानिशी सांगावी, आणि उरलेली चार कारणे त्याच्या पदरात टाकू नयेत. नागपुरातल्या हुडकेश्वरच्या ले-आउटमधल्या मोकळ्या प्लॉटवर चेंडू टाकणाऱ्या मुलाला आपण मोठ्या सामन्याचे भय शिकवतो की रोजच्या सरावाची निष्ठा, हे आपल्या या बोलण्यावरून ठरते. पहिले शिकलेला मुलगा प्रत्येक पराभवात स्वतःचा निकाल वाचेल आणि लवकरच खेळ सोडेल, किंवा जिंकला तर इतरांना तुच्छ लेखील. दुसरे शिकलेला मुलगा हरेल तेव्हा काय सुधारायचे ते शोधील आणि जिंकेल तेव्हा ज्यांच्यामुळे जिंकला त्यांना ओळखेल. अनासक्ती हे संन्याशांसाठी राखलेले दुर्मीळ व्रत नाही. फळाची कारणे प्रामाणिकपणे मोजणाऱ्या कोणालाही ती साधते, कारण मोजणी पुरी झाली की अहंकाराला आणि आत्मधिक्काराला दोघांनाही आधार उरत नाही. उरते ते आपल्या वाट्याचे काम, आणि आपण फक्त त्याचेच देणे लागतो.