शिमुरा, मागे!

वीज गेली म्हणून मध्य प्रदेशातल्या आमच्या किरनापुरात कोणी दचकत नाही. 16 जून 1984 च्या शनिवारी जपानमधल्या इरुमा शहराच्या सभागृहात मात्र ती गेली, आणि नेमका तेव्हाच टीव्हीवरचा थेट कार्यक्रम सुरू व्हायचा होता. नाव ‘हाचिजी दा यो! झेन्इन शूगो’, म्हणजे ‘आठ वाजले, सगळे जमा!’ ‘द ड्रिफ्टर्स’ या विनोदी चमूतल्या पाच जणांनी विजेऱ्यांच्या उजेडात वेळ मारून नेली. दिवे आल्यावर म्होरक्या चोसुके इकारिया ओरडला, ‘आठ वाजून साडेनऊ मिनिटं झाली!’ सभागृहाने नेहमीसारखीच साथ दिली, ‘सगळे जमा!’

1969 मध्ये सुरू झालेला हा कार्यक्रम 1985 मध्ये संपला. विषय अगदी साधे. शाळेचा वर्ग, नाहीतर चौघा वांड पोरांनी जेरीस आणलेली आई. आई व्हायचा इकारियाच. पालक मंडळी नाकं मुरडायची, पोरं खिदळायची. त्या पाचांतल्याच केन शिमुराच्या पाठीशी भूत येऊन उभं राही, त्याला पत्ता नसे आणि समोर बसलेली मुलं बेंबीच्या देठापासून ओरडत, ‘शिमुरा, मागे!’

हा प्रसंग मला अजिबात परका वाटत नाही. भाऊबीज झाली की आपल्याकडे मंडईची जत्रा भरते, आणि रात्री खडी गंमत हे लोकनाट्य उभं राहतं. डफ, ढोलकी, तुणतुणं. बाईचं सोंग घेतलेला नाच्या. सासू-सून, सावकार, पटवारी. (हद्द ओलांडून गोंदियाकडे गेलं की पटवाऱ्याचा तलाठी होतो, गंमत तीच राहते.) शिकलेल्यांना ती पांचट वाटते. वाटू दे. घरी जे बोलायची सोय नसते ते तिथे सोंगाच्या तोंडून निघतं, आणि समोरची म्हातारी सोंगालाच मध्ये टोकते.

खरं तर असं ओरडल्याने विनोदाचा विचका व्हायला हवा. पुढचं आधीच सांगून टाकलं की उरलं काय? पण होतं उलटंच. ज्याची फजिती बघायला आलो, त्यालाच सावध केल्याशिवाय राहवत नाही. मुलांना शिमुरा पडायलाही हवा असतो आणि वाचायलाही. नुसतं हसून घ्यायचं असतं तर कोणी ओरडलं नसतं.

मोबाईलच्या पडद्याला ओरडून काही सांगता येत नाही. येत्या मंडईला गेलात तर मागे खुर्ची टाकून बसू नका. पुढे सतरंजीवर बसा, आणि नाच्याच्या पाठीशी कोण आलंय ते त्याला सांगा.