दरम्यानचे हुकूम आणि वरिष्ठ न्यायालय

खालच्या न्यायाधीशाची चूक डोळ्यांपुढें दिसत असतां वरिष्ठ न्यायाधीशानें स्वस्थ बसावें, हें कोणाहि सरळ मनाच्या मनुष्यास प्रथमदर्शनीं अन्यायाचेंच वाटेल. दाव्याच्या निकालापूर्वीं जे दरम्यानचे हुकूम होतात, त्यांतील प्रमाद आज दुरुस्त करतां येण्याजोगा असतां अंतिम अपिलाची वाट कां पाहावी?

उत्तर तत्त्वांत शोधण्यापूर्वीं एक प्रकरण पाहणें बरें. १९६९ सालीं दिल्लींतील एका खाजगी पेढीनें हिशेबाचें काम करणाऱ्या आपल्या नोकरास काढून टाकलें. वाद कामगार न्यायालयाकडे गेला. तेथें मालकानें हरकत घेतली कीं, हा मनुष्य कायद्याच्या व्याख्येंतील 'कामगार'च नव्हे. ती फेटाळली गेली. एवढ्या एका मुद्द्यावर मालक उच्च न्यायालयांत गेला व जिंकला. नोकर सर्वोच्च न्यायालयांत गेला, आणि १९८३ सालीं कामगार न्यायालयाचाच निर्णय कायम झाला! नोकरीवरून काढणें योग्य होतें कीं नाहीं, या मूळ प्रश्नास तोंवर कोणाचा हात लागलेला नव्हता. असल्या प्राथमिक मुद्द्यांवर वरिष्ठ न्यायालयांनीं चौकशी अडवूं नये, असें न्या. चिनप्पा रेड्डी यांनीं त्या वेळीं कडक शब्दांत बजावलें.

मालकानें येथें बेकायदा असें कांहींच केलें नाहीं. प्रत्येक पायरी कायद्यानेंच उघडी ठेविली होती. परंतु विलंब ज्यास परवडतो त्याच्याच उपयोगीं ती पडते.

चुकीचा निर्णय देण्याचाहि अधिकार न्यायालयास असतो, असें प्रिव्ही कौन्सिलनें १८८४ सालींच मानलें होतें. तेव्हां चूक किती मोठी हें पाहावयाचें नसून, ती अंतिम अपिलांत भरून निघेल काय, हें पाहावयाचें. पुरावा नाकारला गेला असेल तर तो पुढें घेतां येतो. पाडलेली इमारत परत उभी राहत नाहीं. म्हणूनच मनाईहुकुमाच्या निर्णयावर कायद्यानें स्वतंत्र अपील ठेविलें आहे.

मधु लिमये यांच्या १९७७ च्या प्रकरणांत हीच गोष्ट दुसऱ्या बाजूनें दिसते. महाराष्ट्राच्या एका मंत्र्याच्या बदनामीबद्दल त्यांच्यावर सत्र न्यायालयांत खटला होता, आणि तो चालविण्याचा त्या न्यायालयास अधिकारच नाहीं, असें त्यांचें म्हणणें. हुकूम दरम्यानचा म्हणून फेरतपासणी नाहीं, हें उच्च न्यायालयाचें मत सर्वोच्च न्यायालयानें मानलें नाहीं. कोणी विचारील, दिल्लीच्या मालकाची तक्रारहि अधिकाराचीच होती ना? होती. पण चौकशी पुरी होऊं देण्यांत त्याचा खर्च व थोडा वेळ जाणार होता, आणि हरकतीचा विचार शेवटींहि झाला असता. आरोपीच्या पिंजऱ्यांत घालविलेलीं वर्षें मात्र निर्दोष सुटल्यानें परत मिळत नाहींत.

दिवाणी व्यवहार संहितेच्या ११५ व्या कलमांत १९७६ सालीं घातलेल्या परंतुकांत ही जाणीव होती. हुकूम कायम राहिल्यानें न्याय विफल होत असेल, किंवा पक्षकाराचें कधींहि भरून न निघणारें नुकसान होत असेल, तर उच्च न्यायालयास तो बदलण्याची मुभा होती. १९९९ च्या दुरुस्तीनें ती काढून टाकली, व २००२ च्या जुलैपासून एवढेंच पाहावयाचें राहिलें कीं, हुकूम उलट झाला असता तर दावाच संपला असता काय? हेतु चांगला, पण या कसोटीनें दाव्याचें आयुष्य मोजलें जातें, मनुष्याची हानि नव्हे. धंद्यांतील गुपिताचे कागद प्रतिपक्षापुढें ठेवण्याचा हुकूम घ्या. तो उलट झाला असता तरी दावा चालूच राहतो. म्हणून फेरतपासणी नाहीं, आणि अपीलहि नाहीं. मग वकील घटनेच्या २२७ व्या कलमाकडे धांवतात. या दुरुस्तीनें तो मार्ग बंद झालेला नाहीं, असें सर्वोच्च न्यायालयानें २००३ सालीं सांगितलें आहे. एका हातानें बंद केलेलें दार दुसऱ्या हातानें असें उघडावें लागतें, यांतच दुरुस्तीचें उणेपण दिसतें.

माझ्या मतें गाळलेलें तें पोटकलम परत यावें, मात्र त्यांतील 'न्याय विफल होणें' हे सैल शब्द वगळून. आणि केवळ फेरतपासणीचा अर्ज आला एवढ्यानें खालचें काम थांबणार नाहीं, अशी जी तरतूद त्याच १९९९ च्या दुरुस्तीनें केली, तिला हात लावूं नये.