बीपी

वस्तादांना बीपी निघाला त्या दिवशी तालमीतल्या पोरांना हसू आवरेना.

1988 सालची गोष्ट. चक्कर येते म्हणून वस्ताद तालुक्याच्या डॉक्टरांकडे जाऊन आले होते. संध्याकाळी नेहमीसारखे तालमीत आले, मातीला हात लावून कपाळाला लावला, भिंतीला टेकून बसले आणि म्हणाले, “डॉक्टर म्हणतोय, बीपी हाय तुमाला. मीठ बंद करा म्हणतोय.” कोपऱ्यात जोर मारणारा एकजण तसाच पालथा पडला. दुसरा हौद्यातनं उडी मारून बाहेर पळाला. उरलेले खाली माना घालून खांदे हलवत राहिले.

वस्तादांनी माझ्याकडं बघितलं. तालमीत कॉलेजला जाणारा मी एकटाच. कोल्हापूरला यष्टीनं जाऊन-येऊन बी. ए. करत होतो.

“काय रं कॉलेजवाल्या, पोरं का हसाल्यात?”

“काय न्हाय वस्ताद. आपलं असंच.”

ज्या माणसानं आम्हाला लंगोट बांधायला शिकवला, खासबागेत कुस्त्या बघायला नेलं, त्याला मी पहिल्यांदा खोटं बोललो ते असं.

त्यावेळी आमच्या तोंडी बीपी म्हणजे ब्ल्यू पिक्चर. तो निळा का, हे आमच्यातल्या कुणालाच माहीत नव्हतं. स्टँडवर पिवळ्या कागदात गुंडाळलेली पुस्तकं मिळायची ती ‘पिवळी’. बायकांकडं टक लावून बघणारा म्हातारा ‘हिरवट’. आणि पडद्यावरचं ते ‘निळं’. तांबडा आणि पांढरा तेवढा आम्ही रश्श्यासाठी राखून ठेवला होता. बाबुराव पेंटरांच्या आणि भालजींच्या गावाजवळची माणसं आम्ही. ‘पिक्चर’ हा शब्द आमच्याकडं आईबापासमोर, देवळात, पंगतीत कुठंही चालायचा. त्याला ‘ब्ल्यू’ चिकटला की मात्र दोन अक्षरांत मुडपून खिशात घालावा लागे.

व्हीसीआर गावात आला तो गणपतीतच. मंडळ वर्गणी काढायचं, कोल्हापुरातनं रंगीत टीव्ही, व्हीसीआर आणि कॅसेटी भाड्यानं यायच्या. टेम्पोतनं ते खोकं उतरवताना निम्मं गाव गोळा व्हायचं. आधी एक देवाचा पिक्चर, मग एक घरगुती, मग मारामारीचा. बायका पोरं पोत्यावर बसून बघत. रात्री दीड-दोनला म्हातारीकोतारी उठून गेली, की कुणीतरी पाठीमागची दारं लावून घ्यायचं. कॅसेट कोण आणणार हे ठरलेलं असायचं. तो पिशवीतनं काढायचा आणि म्हणायचा, “आवाज बंद करा.” आवाज बंद! वीस-बावीस जण श्वास रोखून बसलेले, कुणी कुणाच्या तोंडाकडं बघत नाही. बाहेर कुत्रं भुंकलं तरी दचकायचं. मी अशा दोन रात्री बसलो. खरं सांगायचं तर त्यातलं फारसं काही आठवत नाही. आठवतो तो बंद खोलीतला घामाचा वास, आणि सकाळी आरतीला उभं राहिल्यावर वाटलेली लाज.

एक गोष्ट मला पुढं बऱ्याच वर्षांनी कळली. आमची भाषा काही सोवळी नव्हे. कोल्हापुरात प्रेमानं हाक मारायची तरी आधी एक शिवी हासडतात. आणि जनावरांच्या बाबतीत तर आडपडदाच नाही. पुढं मी गावातल्या दूध संस्थेत सचिव झालो. तिथं रोज पहाटे आया-बहिणी घागरी, किटल्या घेऊन येत आणि सगळ्यांसमोर सांगत, “म्हस माजावर आलीया, डॉक्टरला सांगा,” “गेल्या बारीला उलटली की वो,” “आता गाभण हाय, चार महिनं झालं.” लाजायचं काही कारणच नाही. म्हशीच्या अंगात काय चाललंय त्याला आमच्याकडं घसघशीत, स्वच्छ शब्द आहेत. माणसाच्या त्याच गोष्टीला एकीकडं शिवी, दुसरीकडं पुस्तकातला संस्कृत शब्द. मधे काहीच नाही. त्या मोकळ्या जागेत इंग्रजीची दोन अक्षरं येऊन बसली.

मधली जागा भरायला कुणी निघालंच नव्हतं असं नाही. रघुनाथ धोंडो कर्वे यांनी 1927 साली मुंबईत ‘समाजस्वास्थ्य’ काढलं. शरीराबद्दल, संततिनियमनाबद्दल सरळ लिहिलं. लोकांचे प्रश्न छापून त्यांना उत्तरं दिली. त्याबद्दल त्यांच्यावर अश्लीलतेचे खटले झाले, 1934 च्या खटल्यात त्यांच्या बाजूनं डॉ. बाबासाहेब आंबेडकर उभे राहिले. तरी कर्व्यांना दंड झाला. पदरचे पैसे घालून त्यांनी ते मासिक 1953 पर्यंत चालवलं. आमच्या गावच्या वाचनालयात त्याचा एकही अंक नव्हता. चंद्रकांत काकोडकरांच्या कादंबऱ्या मात्र होत्या, आणि त्यांची पानं बोटांनी काळी झाली होती. काकोडकरांच्याही ‘श्यामा’वर खटला झाला होता. 1962 च्या दिवाळी अंकातली ती कादंबरी अश्लील नाही असं सांगायला सुप्रीम कोर्टाला 1969 उजाडलं. त्याआधी 1964 मध्ये त्याच कोर्टानं ‘लेडी चॅटर्लीज लव्हर’ विकल्याबद्दल मुंबईच्या पुस्तकविक्रेत्याची शिक्षा कायम ठेवली होती.

या खटल्यांचं वाचताना मला नेहमी एक वाटत आलंय. सगळी चर्चा वाचणाऱ्याची, बघणाऱ्याची. त्याचं मन बिघडेल का? ही कसोटी इंग्लंडातल्या 1868 सालच्या एका निकालातनं आपल्याकडं आलेली. आमच्या घरातही तीच होती. “पोरं बिघडत्यात.” आम्हाला धरलं असतं तर आमच्या बापांनी आम्हाला बडवलं असतं ते आम्ही बिघडलो म्हणून. त्या आवाज बंद केलेल्या टीव्हीत जी कोण बाई होती तिला तिथं कुणी आणलं, तिला विचारलं होतं का, हे ना आमच्या मनात आलं, ना आमच्या बापांच्या आलं असतं. बीपी या दोन अक्षरांत तिला जागाच नव्हती. “कुणाचा बीपी?” असं कुणी विचारलंच तर उत्तर यायचं ते कॅसेट आणणाऱ्याचं नाव.

वस्तादांना त्या हसण्याचा अर्थ त्याच गणपतीत कळला असावा. कुणी सांगितलं ठाऊक नाही. ते रागावले नाहीत. फक्त त्यानंतर तालमीत त्यांनी तो शब्द काढला नाही. गोळी घेताना “रगताच्या दाबाची” म्हणायचे. डॉक्टरनं दिलेला साधा शब्द आम्ही त्यांच्या तोंडातनं काढून घेतला होता.

पुढं जमाना बदलला. गावात घरटी एकाला तरी रक्तदाब झाला आणि बीपी हा शब्द हळूहळू औषधाच्या दुकानात परत गेला. आता माझ्या पोराला बीपी म्हटलं की आजी आठवते. 2013 च्या जानेवारीत ‘बालक-पालक’ आला तेव्हा पोस्टरवरची ती अक्षरं बघून आमच्या वयाची माणसं गालात हसली. रवी जाधवांनी आमच्याच पिढीची चोरी पकडली होती. पिक्चर चांगला होता, मी बायकोबरोबर बघितला. पण मला मधेच नीट बसवेना, कारण तोवर गावात दुसरा शब्द येऊन आपलं काम करून गेला होता.

क्लिप.

2011 चा पावसाळा. त्या दिवसांत मोबाइलच्या दुकानात वीस-तीस रुपयांत मेमरी कार्ड भरून मिळायचं. गाणी, भजनं, कॉमेडी, आणि मागितलं तर ‘दुसरं’. तिथनं पुढं ब्लूटूथ होताच. निळा रंग काही आमची पाठ सोडत नव्हता. एके पहाटे संस्थेत दूध घालायला आलेली चार पोरं खांबाला टेकून एका मोबाइलवर वाकली होती. मी हटकलं तर त्यातला एकजण म्हणाला, “आण्णा, अमक्याच्या पोरीची क्लिप आलीया.” आणि मोबाइल माझ्यापुढं धरला.

मी बघितली.

नको म्हणता आलं असतं. हात झटकता आला असता. पन्नाशीकडं झुकलेला, लेकराबाळांचा माणूस मी. दहा-पंधरा सेकंदच असतील, पण तेवढं बघितलं. तोंड तिचंच होतं. वीस-एकवीसची, बी. कॉम.च्या शेवटच्या वर्षाला, संस्थेच्या वार्षिक सभेत बक्षीस घेतलेली पोर. मोबाइल ज्यानं धरला होता तो दिसत नव्हता. दिसणार कसा? पण आवाज ओळखीचा होता. तिला ठाऊक होतं की नव्हतं, कबूल होती की नव्हती, मला सांगता येत नाही. पण ते खांबापाशी यावं, याला ती कबूल नव्हती हे सांगायला कुणी नको.

मोबाइल बाजूला झाला आणि तिचा बाप किटली घेऊन ओळीत पुढं आला. मी दूध मोजलं. नमुना घेतला. फॅट लावली. “आज फॅट बरी हाय की,” असं म्हणालोसुद्धा. त्याला अजून काहीच माहीत नव्हतं. संध्याकाळपर्यंत झालं.

पोरीचं कॉलेज त्या आठवड्यात बंद झालं. दिवाळीच्या आत तिकडं लांब, कर्नाटकाच्या अंगाला लग्न करून दिलं. परीक्षा राहिलीच. ज्यानं ते काढलं तो पंधरा दिवस मुंबईला मामाकडं जाऊन राहिला आणि परत आला. आज त्याचं गावात बरं चाललंय.

त्या दिवसांत तालमीच्या कट्ट्यावर दुसरा विषय नव्हता. वस्ताद आता थकले होते, पंचाहत्तरीच्या पुढं. पण संध्याकाळी येऊन बसायचे. त्यांनी मला जवळ बोलावलं.

“काय चाललंय रं गावात?”

“काय न्हाय वस्ताद.”

“तवा बी ‘काय न्हाय’च म्हणाला हुतास.”

तेवीस वर्षं त्यांनी ते मनात ठेवलं होतं. मी मग सांगितलं. त्यांना शब्द समजेना.

“कुणाची म्हणालास?”

“तिची. तिची क्लिप.”

“काढली कुणी?”

“त्या पोरानं.”

“दावत कोण फिरालंय?”

“त्येचंच दोस्त.”

“आन म्हणाल्यासा तिची?” वस्ताद म्हणाले. “तिची कशी रं?”

मला उत्तर देता येईना. शाळेत षष्ठी विभक्ती शिकलो होतो. चा, ची, चे. मालकी दाखवते म्हणून मास्तरांनी पाठ करून घेतली होती. त्यानं काढलं, त्याच्या दोस्तांनी वाटलं, आम्ही बघितलं, आणि या सगळ्याची मालकी व्याकरणानं तिच्या नावावर चढवली. सात-बारा झटक्यात झाला. बीपीत बाई नव्हतीच. क्लिपमध्ये बाईच उरली, बाकी सगळे निसटले, त्यात मीही.

कायदा तेव्हाही होता. माहिती तंत्रज्ञान कायद्यात 2009 पासून कलम 66-ई आहे, संमतीशिवाय कुणाच्या खासगी अंगाचं चित्र काढलं किंवा पाठवलं तर तीन वर्षांपर्यंत कैद. गावात तो कुणाला माहीत नव्हता, आणि माहीत असता तरी बापानं पोलीस ठाण्याची पायरी चढली असती असं मला वाटत नाही. 2013 मध्ये, दिल्लीच्या त्या प्रकरणानंतर, दंड संहितेत 354-क आलं. आता भारतीय न्याय संहितेत ते 77 आहे. त्यात एक ओळ अशी आहे की बाईनं चित्र काढायला होकार दिला असला, पण ते तिसऱ्याला दाखवायला दिला नसला, तरी पसरवणं गुन्हाच. मला हे वाचून वाटलं, कायद्यानं पहिल्यांदा बघणाऱ्याच्या मनाची काळजी बाजूला ठेवून तिला विचारलं, की बाई, तुला हे चालणार होतं का? ‘अश्लील’ या शब्दाच्या मागं ही विचारपूस नव्हती.

पण त्या कलमात मी कुठं बसतो? मी काढलं नाही, पाठवलं नाही. बघितलं. कोर्टात माझं काही होणार नाही. अनेकदा मनाची समजूत घातली की मी नसतं बघितलं तरी काय थांबणार होतं? थांबलं नसतंच. पण त्या पोरांनी मोबाइल माझ्यापुढं धरला तो बिनधास्त, आण्णा बघणारच म्हणून. गावात वडीलधाऱ्या माणसानं एकदा बघितलं की ती वस्तू बघण्याजोगी ठरते. मी त्यावर शिक्काच मारला. संस्थेचा शिक्का तसाही माझ्याच ड्रॉवरमध्ये असायचा.

मी क्लिप हा शब्द आता वापरत नाही. नाव घ्यायची वेळ आली तर ‘त्या पोरानं केलेला प्रकार’ म्हणतो. लोक ‘कुठला प्रकार?’ असं विचारतात. सांगताना लांबतं, अडखळतो, आणि शेवटी समोरचाच म्हणतो, “हां हां, तिची क्लिप न्हवं का!”

वस्ताद 2014 ला गेले. त्याच्या पुढच्या साली म्हाईला ती माहेरी आली होती. कडेवर पोरगं. बाप आजारी, म्हणून दहा दिवसांचं बिल न्यायला तीच संस्थेत आली. मी खाली बघून लिहीत होतो.

“काका, वळखलं न्हाय व्हय?”

“वळखलं की. कवा आलीस?”

“काल. बाबांचं पासबुक तुमच्याकडं ऱ्हायलंय म्हणं.”

मी वाकून खालच्या खणात शोधायला लागलो. पासबुक वर टेबलावरच होतं. तिनं ते उचललं, आकडा बघितला, “येतो काका,” म्हणाली आणि पोराला खाली उतरवून त्याचं बोट धरून गेली.