सोडून दिलेल्या लाटा

मारुंजीतून समुद्र गाठायचा तर सह्याद्री उतरावा लागतो. त्यामुळे सर्फिंग मी पाहिलंय ते फोनवरच, म्हणजे कुणीतरी कापून-जोडून दिलेलं. त्यात सहसा कुणी पडत नाही.

तसं तर स्पर्धेतही पडणं मोजत नाहीत. एका हीटमध्ये सर्फर अनेक लाटा घेतो, पण गुण धरतात ते सर्वोत्तम दोन लाटांचे. प्रत्येकी 10 पैकी, एकूण 20. बाकीच्या सोडून दिल्या. मग फिल्मनेही तेच केलं तर बिघडलं कुठे? माझ्या मते इथे: स्पर्धेचा नियम आधीच जाहीर असतो आणि परीक्षकांनी सोडलेल्या लाटाही पाहिलेल्या असतात. आपल्यापर्यंत फक्त उरलेल्या येतात.

हवाईचा अँडी आयर्न्स 2002, 2003 आणि 2004 असा सलग तीनदा जगज्जेता झाला. केली स्लेटरशी असलेली त्याची चुरस सर्फ फिल्म्सना खूप पुरली. 2010 मध्ये त्याने ताहितीची स्पर्धा जिंकली आणि दोनच महिन्यांनी, 2 नोव्हेंबरला, डॅलसच्या एका हॉटेलात तो गेला. वय 32.

2018 मध्ये ‘अँडी आयर्न्स: किस्ड बाय गॉड’ आली. तिच्यात त्याचा भाऊ ब्रूस आणि पत्नी लिंडी त्याच्या बायपोलर आजाराबद्दल आणि व्यसनाबद्दल उघडपणे बोलतात. लाटांच्या जुन्या दृश्यांमध्ये यातलं काहीच नव्हतं.

म्हणून जुन्या फिल्म्स खोट्या ठरतात का? मला नाही वाटत. आपला आजार कॅमेऱ्याला दाखवायची सक्ती कुणावर नसते, जगज्जेत्यावरही नाही. लाट दाखवणारी फिल्म ‘हेच याचं आयुष्य’ असं म्हणत नाही; तसं आपणच धरून चालतो.

मला जास्त खटकते ती नंतरची फिल्म, आणि तरी ती बनायला हवी होती असंही वाटतं. ‘सचिन: अ बिलियन ड्रीम्स’मध्ये (2017) सचिन स्वतः आपली गोष्ट सांगतो. काय सांगायचं, काय गाळायचं, यावर त्याला बोलता तरी येतं. अँडीला कुणी विचारू शकलं नाही. पण गप्प राहिलं असतं तर तशाच आजाराशी एकट्याने झगडणाऱ्या एखाद्या पोराला वाटलं असतं, की इतकं सुंदर सर्फ करणाऱ्याला असलं काही होतच नाही. मेलेल्या माणसाची परवानगी आणि त्या पोराचा जीव, यांत मी पोराकडे झुकतो. झुकताना अवघडतो, हेही खरं.

अँडी गेला तेव्हा लिंडी गरोदर होती. मुलगा पुढच्याच महिन्यात जन्मला. बाप त्याला भेटणार तो या दोन्ही प्रकारच्या फिल्म्समधून.