सगळी मनं जोडलेली आहेत, मग मला कळलं का नाही?



आजचं वाचन: श्रीमद्भगवद्गीता, अध्याय ६, श्लोक ३२.

भावार्थ, माझ्या साध्या शब्दांत: जो स्वतःवरून इतरांचं सुखदुःख ओळखतो, दुसऱ्याचं दुःख त्याला आपल्या दुःखाइतकंच खरं वाटतं, तो योग्यांमध्ये श्रेष्ठ, असं भगवंत सांगतात.

गेले तीन दिवस आपण २९ ते ३१ हे श्लोक वाचतोय. सर्व भूतांत आत्मा आणि आत्म्यात सर्व भूतं. वाचताना मला सारखं माझं एक जुनं घरगुती तत्त्वज्ञान आठवत होतं. आज सांगूनच टाकतो.

इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला कॉम्प्युटर नेटवर्क्स हा विषय होता. परीक्षेच्या दिवसांत मी आणि माझा रूममेट हॉस्टेलच्या गच्चीवर अभ्यास कमी आणि गप्पा जास्त करायचो. तिथे आम्ही एक सिद्धांत काढला आणि त्याला नाव दिलं 'मनोजाल'. प्रत्येक मन म्हणजे एक टर्मिनल, मागे सर्व्हर मात्र एकच. आईला फोन लावायला जावं आणि तिचाच फोन यावा, दोघांच्या तोंडून एकदम एकच वाक्य निघावं, हे सगळे त्या जोडणीचे पुरावे! वहीच्या मागच्या पानावर आम्ही त्यांची यादीसुद्धा ठेवली होती. आईची आठवण आली आणि तिचा फोन आला नाही, अशा वेळांची नोंद अर्थातच कुठे नव्हती.

पुढे नोकरीत असताना श्रोडिंजर या भौतिकशास्त्रज्ञाचं १९४४ सालचं 'व्हॉट इज लाइफ?' वाचनात आलं. त्याच्या शेवटी तो उपनिषदांचा आधार घेऊन म्हणतो की चेतना अनेक नाहीत, एकच आहे. मला तर आमच्या गच्चीवरच्या वहीवर नोबेलवाल्याने सही केल्यासारखं वाटलं.

आता खरी गोष्ट. गेल्या वर्षी याच मित्राचे वडील अकरा दिवस आयसीयूत होते. आम्ही दोघंही पुण्यातच, मी हिंजवडीला, तो खराडीला. चौथ्या दिवशी रात्री दहाला त्याचा फोन आला. माझं रिलीज चालू होतं. मी फोन कट केला आणि मेसेज टाकला, 'उद्या बोलू.' तो उद्या काही उजाडला नाही. काका गेल्याचं मला कॉलेजच्या ग्रुपवर कळलं.

भेटायला गेलो. काय बोलावं सुचेना, म्हणून म्हणालो, "अरे, गेले काही दिवस तुझी सारखी आठवण येत होती." ते खोटं नव्हतं. तो शांतपणे म्हणाला, "आठवण आली तर फोन करायचा ना." मग थोड्या वेळाने, किंचित हसून, "सर्व्हर डाऊन असेल."

मंडळी, त्या रात्री झोप लागली नाही. सिद्धांत चुकला याचं एवढं काही वाटलं नाही. त्याची मला किती सोय झाली होती, ते बोचलं. मनं आपोआप जोडलेलीच असतील तर नुसती आठवण काढली तरी ती पोचली. मग उठून करायचं काहीच उरत नाही.

या प्रश्नाचं उत्तर आपल्याकडे फार आधी देऊन ठेवलंय. शंकराचार्यांचे गुरू गोविंदपाद आणि त्यांचे गुरू गौडपाद. गौडपादांनी मांडूक्य उपनिषदावरच्या कारिकांमध्ये घटाकाशाचा दृष्टांत दिला आहे. सगळ्या घटांमधलं आकाश एकच. पण एका घटात धूळ किंवा धूर भरला म्हणून बाकीचे घट धुरकट होत नाहीत. तसंच एका जीवाचं सुखदुःख दुसऱ्याला आपोआप लागत नाही. म्हणजे आत्मा एक, पण मनं वेगळी. आम्ही गच्चीवर नेमका इथेच घोटाळा केला होता.

माझ्या कामातही हेच रोज दिसतं. एकाच मशीनवर दोन प्रोग्रॅम चालतात. वीज तीच, प्रोसेसर तोच. तरी एकाला दुसऱ्याच्या मेमरीत थेट डोकावता येत नाही, ऑपरेटिंग सिस्टिम ते होऊ देत नाही. एकमेकांचं काही कळायचं असेल तर निरोप पाठवावा लागतो आणि समोरच्याने तो घ्यावा लागतो.

आणि निरोप तर आला होता! माझा हा मित्र कधी फोन करत नाही, नेहमी मेसेज करतो. त्या रात्री दहाला त्याने फोन केला, यातच सगळं होतं. तो कट मी केला.

पैठणची कथा आपल्याला ठाऊक आहे. रेड्यावर आसूड ओढला आणि वळ ज्ञानेश्वर माऊलींच्या पाठीवर उठले. ती माऊलींची अवस्था, तिथे आपण फक्त हात जोडायचे. पण त्याच पैठणच्या नाथमहाराजांची गोष्ट घ्या. रामेश्वरासाठी आणलेली गंगेची कावड त्यांनी तापलेल्या वाळूत तडफडणाऱ्या गाढवाच्या तोंडात रिकामी केली. तेव्हा त्यांच्या घशाला कोरड पडली, असं कथेत कुठे येत नाही. त्यांनी गाढवाकडे पाहिलं, तहान ओळखली आणि कावड खांद्यावरून उतरवली. यात चमत्कार काहीच नाही, म्हणून आपल्याला पळवाटही नाही.

'आत्मौपम्य' या आजच्या शब्दाबद्दल अजून एक. 'स्वतःवरून' म्हणजे मला जे आवडतं तेच दुसऱ्यालाही हवं, असं धरून चालायचं नाही. मला दुःखात एकटं राहायला आवडतं. त्याला कुणीतरी शेजारी नुसतं बसायला हवं होतं. मी माझ्यावरून ठरवलं असतं तर त्याला अजून एकटं सोडलं असतं. आपल्याला स्वतःवरून घ्यायचं ते एवढंच, की माझं दुःख मला जितकं खरं, तितकंच त्याचं त्याला. पुढचं त्यालाच विचारायचं.

त्यानंतर मी एक नियम केलाय. कुणाची आठवण आली की त्याच दिवशी फोन. दर वेळी जमतं असं नाही. मित्राशी आता बोलणं होतं, पण ते अकरा दिवस परत येत नाहीत. तो विषय तो काढत नाही, मीही नाही.

आजचा संकल्प: जेवणाआधी एक फोन. ज्याचं नाव हे वाचताना मनात आलं, त्याला.

उद्या श्लोक ३३. हे सगळं ऐकून अर्जुन म्हणतो, देवा, मन इतकं चंचल आहे की हा समभाव टिकेल असं मला दिसत नाही. अर्जुनाने आपल्या सगळ्यांचीच अडचण मांडली आहे. उद्या वाचू.

राम कृष्ण हरी. 🙏