बर्फातला सेयित अली आणि त्याचा दिग्दर्शक

'योल' मी पहिल्यांदा मोबाइलवर पाहिला. रात्री, इअरफोन लावून. तुरुंगातून आठवडाभराच्या रजेवर सुटलेला सेयित अली घरी येतो. बायकोने अब्रू घालवली म्हणून घरच्यांनी तिला साखळीने बांधून ठेवलंय आणि तिला संपवण्याचं काम नवऱ्यावर सोडलंय. तो तिला बर्फातून चालवत नेतो, मागे पडली तर पडू देतो. मग तिच्या हाकांनी आतून हलतो, तिला पाठीवर घेतो. तोवर उशीर झालेला असतो.

हा सिनेमा यिलमाझ ग्युनेयने तुर्कस्तानच्या तुरुंगात बसून लिहिला. त्याच्या सूचनांबरहुकूम शेरीफ गोरेनने तो चित्रित केला. 1981 मध्ये ग्युनेय पळाला, स्वित्झर्लंडमध्ये त्याने संकलन केलं आणि 1982 मध्ये कानचा सर्वोच्च पुरस्कार 'योल'ला विभागून मिळाला. मायदेशात मात्र तो 1999 पर्यंत दाखवता आला नाही.

मला वाटलं होतं, माणूस विचारांसाठी आत गेला असणार. तसाही तो गेला होता. एकदा लिखाणासाठी, एकदा क्रांतिकारी विद्यार्थ्यांना आसरा दिला म्हणून. पण या वेळचं कारण वेगळं होतं. 1974 मध्ये अदाना भागात तो कापूस वेचणाऱ्या मजुरांवर 'एन्दिशे' करत होता. तिथल्या एका रेस्टॉरंटमधल्या भांडणात एका न्यायाधीशाचा गोळी लागून मृत्यू झाला. समर्थक नाकारत राहिले, पण कोर्टाने ग्युनेयला दोषी ठरवून 19 वर्षांची शिक्षा दिली. 'एन्दिशे'चा नायक कोण, तर खुनाच्या वैरातून सुटायला रक्ताची भरपाई जमवणारा मजूर. हे वाचून मी फोन खाली ठेवला.

मित्र म्हणाला, "कलाकार वेगळा, माणूस वेगळा. सोड ना." मला ते पटत नाही. ग्युनेयने स्वतःच ही फारकत कधी केली नाही. अदानाकडच्या गरीब कुर्दी घरातलं पोर म्हणूनच तर 'उमुत'मधला घोडागाडीवाला त्याला इतका खरा दाखवता आला. सिनेमाला त्याच्या आयुष्याचं वजन मिळतं, तर त्या आयुष्यातला मृत्यू वजा कसा करायचा?

मग सिनेमेच बघायचे नाहीत का? तेही नाही. कारण उत्तर 'योल'मध्येच आहे. सेयित अली रूढीचा कैदी आहे, हे सिनेमा आपल्याला समजावतो. पण बर्फात पडलेल्या बाईवरून कॅमेरा हटवत नाही. समजून घेणं वेगळं, सोडून देणं वेगळं.

हीच मोजपट्टी मी ग्युनेयला लावतो. 1984 मध्ये तो पॅरिसमध्ये कर्करोगाने गेला. त्याचं नाव जगाच्या लक्षात आहे. त्या न्यायाधीशाचं नाव सेफा मुतलू होतं. 'योल' कुणाला सुचवताना आता मी ही दोन्ही नावं सांगतो.